गादीवाचून राणीपण

आपल्या भाषेत ‘तोतया’ हा शब्द आहे आणि ‘दावेदार’ हाही आहे. पानिपतानंतर बुंदेलखंडाच्या बाजूने उगवलेला आणि १७७६ साली पुण्यात देहान्त शासन पावलेला इसम हा सदाशिवरावभाऊंचा तोतया होता. राघोबादादा हे पेशवाईचे दावेदार होते. पहिल्याचे नाव खोटे होते. दुसऱ्याचा हक्क वादग्रस्त होता. परंतु ज्याचे नाव खरे, कुळ खरे, गादीवर झालेला अभिषेकही खरा, पण ज्या राज्यावर ती गादी उभी होती ते राज्यच भूगोलातून पुसले गेले, अशा पुरुषाला काय म्हणावे? ‘नामधारी राजा’ हा शब्द आपण वापरतो, पण तो पुरेसा नाही. आणि अशा पुरुषाशी विवाह करून आलेल्या स्त्रीला काय म्हणावे, ह्यासाठी तर आपल्याजवळ शब्दच नाही.

हा प्रश्न मला सुचला तो एका सरकारी दौऱ्यात. जबलपूरहून कटनी आणि दमोह ह्या मार्गाने मी सागरला गेलो होतो. काम लवकर आटोपले आणि संध्याकाळी तेथील विस्तीर्ण तळ्याच्या काठी बसलो. सागर हे नाव मराठी माणसाला परके वाटू नये. पेशव्यांचे मामलेदार गोविंदपंत बुंदेले, मूळचे खेर, ह्यांनी अठराव्या शतकात येथे आपले ठाणे वसविले. १७६० च्या अखेरीस दिल्लीच्या बाजूस रसद मारण्याच्या कामावर असता ते मारले गेले. त्यांच्या वंशजांचा अंमल इंग्रजी येईपर्यंत ह्या भागावर होता, आणि आपल्या जबलपूरलगतच्या गढामंडल्याचे गोंड राज्यही प्रथम सागरकर मराठ्यांनीच घेतले. परंतु त्या संध्याकाळी मला आठवण झाली ती गोविंदपंतांची नव्हे. ह्याच गावी १२ ऑक्टोबर १९१९ रोजी जन्मलेल्या आणि पुढे शिंद्यांच्या घराण्याच्या राजमाता म्हणून भारतभर ओळखल्या गेलेल्या विजयाराजे ह्यांची ती आठवण होती.

त्यांचे माहेरचे नाव लेखा दिव्येश्वरी. त्यांचे वडील ठाकूर महेंद्रसिंह हे संयुक्त प्रांताच्या सरकारात डेप्युटी कलेक्टर होते. म्हणजे वडिलांच्या बाजूने ही मुलगी एका नोकरदाराची. बदलीचा हुकूम, सरकारी बंगला आणि वरिष्ठांची मर्जी ह्या गोष्टी तुम्हांआम्हांप्रमाणे त्या घरालाही ठाऊक असणार. आईच्या बाजूने मात्र कथा वेगळी होती. आई चूडा दिव्येश्वरी ह्या नेपाळच्या राणा घराण्यातील. त्या बाळंतपणानंतर थोड्याच दिवसांत वारल्या आणि तान्ह्या लेखाला सागरला आजीने वाढविले. आजोबा होते जनरल खड्गशमशेर जंगबहादूर राणा.

ह्या आजोबांची हकीकत थोडी विस्ताराने सांगितली पाहिजे, कारण नातीच्या आयुष्याचा धागा तेथून सुरू होतो. १८४६ च्या कोतच्या हत्याकांडानंतर जंगबहादूर ह्यांनी नेपाळची सर्व सत्ता आपल्या हाती घेतली. राजा ‘श्री पाच’ म्हणून सिंहासनावर राहिला आणि राणा पंतप्रधान ‘श्री तीन महाराज’ म्हणून राज्य करू लागले. साताऱ्याचे छत्रपती आणि पुण्याचे पेशवे ह्यांची आठवण मराठी वाचकाला येथे झाल्यावाचून राहणार नाही. परंतु पेशवाई बापाकडून मुलाकडे जात असे. राणांचे पद भावाकडून भावाकडे, वयाच्या क्रमाने जाई. ह्या एका नियमाने त्या घराण्यातील प्रत्येक धाकटा भाऊ हा थोरल्याच्या मरणाची वाट पाहणारा दावेदार बनला. १८८५ च्या नोव्हेंबरात शमशेर बंधूंनी आपले चुलते पंतप्रधान रणोद्दीपसिंह ह्यांचा वध करून सत्ता मिळविली. थोरले वीरशमशेर पंतप्रधान झाले आणि खड्गशमशेर हे सेनापती. दोनच वर्षांनी, १८८७ मध्ये, खड्गशमशेर थोरल्या भावाविरुद्ध कट करीत असल्याचा आरोप आला, वारसांच्या यादीतून त्यांचे नाव गेले आणि त्यांची रवानगी पाल्प्याच्या डोंगराळ मुलखात झाली.

तेथे कालीगंडकीच्या काठी त्यांनी आपल्या दिवंगत राणीच्या, तेजकुमारींच्या, स्मरणार्थ १८९३ साली एक महाल बांधविला. राणीमहाल ह्या नावाने तो आजही उभा आहे आणि लोक त्याला नेपाळचा ताजमहाल म्हणतात. १९०१ मध्ये वीरशमशेर वारले, तेव्हा पद गेले ते देवशमशेर ह्यांच्याकडे, आणि काही महिन्यांतच त्यांना दूर सारून चंद्रशमशेर पंतप्रधान झाले. हे दोघेही खड्गशमशेर ह्यांच्याहून धाकटे. यादीतून नाव गेले नसते तर कदाचित ते आसन खड्गशमशेर ह्यांचेच झाले असते. पुढे त्यांनी नेपाळ कायमचे सोडले, इंग्रजी मुलखात आश्रय घेतला आणि सागर येथे ते स्थायिक झाले.

येथे इतिहासाचा एक योगायोग नोंदण्यासारखा आहे. १८५७ चा उठाव मोडल्यानंतर बिठूरच्या पेशव्यांचे कुटुंब आश्रयासाठी नेपाळच्या राणांकडे गेले. गादी गमावलेल्या मराठी स्त्रिया काठमांडूत परक्या भाषेच्या लोकांत दिवस कंठीत राहिल्या. त्यानंतर अर्धशतकाच्या आत राणांचा एक निर्वासित वारस पेशव्यांच्या मामलेदाराने ठाणे वसविलेल्या सागरात येऊन राहिला. त्याच्या वाड्यात नेपाळी दासदासी होत्या, नेपाळी सण होते आणि न मिळालेल्या गादीची आठवण होती. अशा घरात लेखा वाढली. पराभूत हक्क कसा सांभाळावा, त्याची लाज वाटू न देता आणि त्याचा बडिवारही न माजविता कसे राहावे, ह्याचे शिक्षण त्या मुलीला आजीकडून मिळाले असले पाहिजे असे मला वाटते. शाळा-कॉलेजातील शिक्षण पुढे काशीला आणि लखनौच्या इझाबेला थॉबर्न कॉलेजात झाले.

२१ फेब्रुवारी १९४१ रोजी ग्वाल्हेरचे महाराज जिवाजीराव शिंदे ह्यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि लेखा दिव्येश्वरी विजयाराजे झाल्या. वधू एकवीस वर्षांची, वर चोवीसांचा. ग्वाल्हेर हे एकवीस तोफांच्या सलामीचे संस्थान. क्षेत्रफळ सुमारे २६ हजार चौरस मैल. जिवाजीरावांचे वडील माधवराव महाराज १९२५ मध्ये पॅरिसला वारले, तेव्हा ते अवघे आठ वर्षांचे होते. त्यांना पूर्ण अधिकार मिळाले ते १९३६ मध्ये.

हा विवाह अनेक मराठा सरदारांना रुचला नाही. राणी शहाण्णव कुळींतील नाही, मराठी नाही, दक्षिणेतील कोणत्याही घराण्याशी तिचा संबंध नाही, हा आक्षेप होता. आज आपण तो सहज हसण्यावारी नेऊ. परंतु क्षणभर त्या सरदारांच्या जागी उभे राहून पाहावे. साताऱ्याजवळच्या कण्हेरखेडाहून निघालेले शिंदे आणि त्यांच्याबरोबर आलेली घराणी दोनशे वर्षे हिंदी मुलखात राहत होती. दत्ताजी बुराडी घाटावर पडले, जनकोजी पानिपतावर गेले, महादजींनी दिल्लीच्या बादशहाला आपल्या छायेत ठेवले. तो पराक्रम सरला होता आणि मराठीपण शिल्लक होते ते दोनच गोष्टींत: घरातली भाषा आणि लग्नसंबंध. त्यांपैकी लग्नसंबंधाची कडीच राजा स्वतः तोडतो आहे असे त्यांना वाटले असेल, तर त्या भीतीत केवळ अहंकार होता असे म्हणता येणार नाही.

ही भीती मला समजते, त्याचे कारण खाजगी आहे, पण सांगतो. माझे मूळ गाव कोरेगाव तालुक्यात, कण्हेरखेडापासून फार दूर नाही. नोकरीमुळे मी जबलपूरला आलो आणि माझा विवाह दमोहच्या एका हिंदी भाषक घरात ठरला. माझ्या आईने तेव्हा तीन दिवस माझ्याशी नीट भाषण केले नाही. तिचे म्हणणे एवढेच होते की नातवंडे आजीला काय म्हणून हाक मारतील? जबलपूरसारख्या ठिकाणी बदलीवर आलेल्या प्रत्येक मराठी घरात हा प्रश्न ह्या ना त्या रूपाने येतो. ग्वाल्हेरच्या जयविलास प्रासादातही तो १९४१ मध्ये आला होता. प्रासाद मोठा असला म्हणून प्रश्न निराळा होत नाही.

विजयाराजे ह्यांनी त्या प्रश्नाला दिलेले उत्तर माझ्या मते त्यांच्या चरित्राचा पहिला मोठा भाग आहे. ज्या घराने त्यांना मोकळ्या मनाने स्वीकारले नव्हते त्या घराची भाषा, पोशाख, कुळाचार आणि दरबारी रिवाज त्यांनी आपलेसे केले. सासूबाई गजराराजे ह्या गोव्याकडच्या राणे घराण्यातील, म्हणजे ते घर रीतिभातींत पूर्ण मराठी होते. कालांतराने अशी वेळ आली की शिंदे घराण्याची परंपरा म्हटले की लोकांच्या डोळ्यांपुढे हीच सागरची लेक उभी राहू लागली. परंपरा रक्तातून येते असे आपण मानतो. ती पुष्कळदा सुनेच्या कष्टांतून येते. ग्वाल्हेरच्या इतिहासाला ही गोष्ट नवी नव्हती. जनकोजी आणि जयाजीराव हे दोघेही दत्तक होते, आणि बायजाबाई, ताराबाई ह्या राण्यांनीच ते दत्तक घेऊन वंशाचा धागा सांधला होता.

विवाहानंतर साडेसहा वर्षांत इंग्रज गेले. २८ मे १९४८ रोजी ग्वाल्हेर, इंदूर आणि माळव्यातील इतर संस्थाने मिळून मध्यभारत हा संघ अस्तित्वात आला. जिवाजीराव त्याचे राजप्रमुख झाले, होळकर उपराजप्रमुख. तनखा सालीना पंचवीस लाख रुपये ठरला. ३१ ऑक्टोबर १९५६ रोजी राजप्रमुखपदही संपले आणि दुसऱ्या दिवशी नवे मध्यप्रदेश राज्य झाले. राजधानी भोपाळला गेली, उच्च न्यायालय आपल्या जबलपूरला आले, आणि ग्वाल्हेर हे एका मोठ्या राज्यातले जिल्ह्याचे गाव उरले. महाराजांना ‘महाराज’ म्हणत, सलाम होत, दसऱ्याचा समारंभ होई; पण एका तलाठ्याची बदली करण्याचाही अधिकार त्यांना राहिला नव्हता. १६ जुलै १९६१ रोजी, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी, जिवाजीराव निवर्तले. म्हणजे त्या वीस वर्षांच्या संसारात खऱ्या राज्याची राणी म्हणून विजयाराजे ह्यांना मिळाली ती जेमतेम सात वर्षे. बाकीची तेरा वर्षे त्या गादीवाचून राणी होत्या.

अशा वेळी राजघराण्यांपुढे तीन वाटा होत्या. पहिली वाट परदेशी करमणुकीत आणि शर्यतीच्या घोड्यांत तनखा संपविण्याची. ती अनेकांनी धरली. दुसरी वाट हक्क उराशी कवटाळून सरकारशी झगडण्याची. तिचा शोकान्त शेवट आपल्या मध्यप्रदेशाने पाहिला आहे. बस्तरचे माजी राजे प्रवीरचंद्र भंजदेव २५ मार्च १९६६ रोजी जगदलपूरच्या आपल्या राजवाड्यात पोलिसांच्या गोळीबारात मारले गेले. तिसरी वाट, ज्यांनी मुजरे केले त्यांच्या दारी जाऊन मत मागण्याची. विजयाराजे ह्यांनी ही तिसरी वाट धरली.

मी केंद्र सरकारचा नोकर आहे. पक्षांच्या गुणदोषांत शिरणे माझे काम नव्हे. घटना मात्र सांगितल्या पाहिजेत. १९५७ मध्ये त्या गुणा मतदारसंघातून काँग्रेसच्या वतीने लोकसभेवर निवडून आल्या आणि १९६२ मध्ये ग्वाल्हेरहून. पुढे मुख्यमंत्री पंडित द्वारकाप्रसाद मिश्र ह्यांच्याशी त्यांचे बिनसले. मिश्रजी आपल्या जबलपूरचे. त्यांचे राजकारण ज्यांनी जवळून पाहिले अशी वृद्ध मंडळी येथे अजून भेटतात. १९६७ मध्ये विजयाराजे काँग्रेसमधून बाहेर पडल्या. गुण्याहून स्वतंत्र पक्षातर्फे लोकसभेवर आणि करेऱ्याहून जनसंघातर्फे विधानसभेवर अशा दोन्ही ठिकाणी निवडून येऊन त्यांनी विधानसभेची जागा ठेवली. त्याच वर्षी जुलैमध्ये काँग्रेसच्या छत्तीस आमदारांनी पक्ष सोडला, मिश्रांचे मंत्रिमंडळ पडले आणि गोविंदनारायण सिंह मुख्यमंत्री झाले. ह्या सर्व उलथापालथीच्या मुळाशी ग्वाल्हेरच्या राजमाता होत्या, आणि तरीही मुख्यमंत्रिपद त्यांनी स्वतः घेतले नाही. हे सरकार दीड-पावणेदोन वर्षांतच कोसळले. पक्षांतराची जी रीत त्या दिवसांत रुळली, तिचे भले काय आणि बुरे काय ह्याचा निवाडा इतिहासकार करतील.

१९७० साली तनख्यांचा प्रश्न ऐरणीवर आला. सप्टेंबरात राज्यसभेत घटनादुरुस्ती एका मताहूनही कमी फरकाने फसली, तेव्हा राष्ट्रपतींच्या आदेशाने सर्व राजांची मान्यता काढून घेण्यात आली. त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात जो दावा गेला तो विजयाराजे ह्यांचे पुत्र माधवराव शिंदे ह्यांच्या नावाने कायद्याच्या पुस्तकांत प्रसिद्ध आहे. १५ डिसेंबर १९७० रोजी न्यायालयाने आदेश रद्द ठरविला. राजे जिंकले, पण एका वर्षासाठीच. १९७१ च्या डिसेंबरात सव्विसावी घटनादुरुस्ती झाली आणि राजेपद, तनखे व मान्यता ही सर्व कायद्याने संपली. त्या दिवसापासून शिंदे घराण्याचा वारस हा शब्दशः नामधारी महाराज झाला. मजेची गोष्ट अशी की त्याच वर्षीच्या निवडणुकीत माता भिंडहून आणि पुत्र गुण्याहून लोकसभेवर निवडून आले होते. मान्यता दिल्लीने काढून घेतली होती. ती मतपेटीतून परत आली होती.

१९७५ च्या आणीबाणीत विजयाराजे तिहारच्या तुरुंगात होत्या. त्याच तुरुंगात जयपूरच्या गायत्रीदेवीही होत्या. ह्या दोघींच्या तेथे एकत्र येण्यामागे मराठी इतिहासाचा एक विसरलेला धागा आहे. गायत्रीदेवींच्या मातोश्री म्हणजे बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या कन्या इंदिराराजे. त्यांचा वाङ्‌निश्चय ग्वाल्हेरच्या थोरल्या माधवराव महाराजांशी झाला होता. महाराजांना एक राणी आधीची होती. इंदिराराजे ह्यांनी तो विवाह स्वतः मोडला आणि १९१३ मध्ये कुचबिहारच्या राजपुत्राशी लग्न केले. म्हणजे ग्वाल्हेरला नाकारणाऱ्या मराठा राजकन्येची मुलगी आणि ग्वाल्हेरच्या सरदारांनी नाकारू पाहिलेली अमराठी सून ह्या दोघी साठ वर्षांनंतर एकाच तुरुंगाच्या भिंतीआड होत्या. कादंबरीकाराने असे लिहिले असते तर आपण त्याला अतिशयोक्तीचा दोष दिला असता.

पुढील काळात घर राजकारणाने दुभंगले. १९८० मध्ये मातेने रायबरेलीत इंदिरा गांधींविरुद्ध निवडणूक लढविली आणि ती हरली. त्याच निवडणुकीत पुत्र काँग्रेसतर्फे गुण्याहून निवडून आले. पुढे माधवराव केंद्रात मंत्री झाले आणि रेल्वे खात्यातील त्यांचे काम आजही नावाजले जाते. मातेने आपल्या आयुष्याची कहाणी मनोहर माळगावकरांना सांगून १९८५ मध्ये इंग्रजीतून प्रसिद्ध केली. तीतही ह्या दुराव्याचे दुःख लपलेले नाही. आईमुलाच्या भांडणात तिऱ्हाइताने बोलू नये, म्हणून मी येथेच थांबतो. २५ जानेवारी २००१ रोजी दिल्लीत विजयाराजे वारल्या. त्याच वर्षी ३० सप्टेंबरला माधवराव मैनपुरीजवळ विमान अपघातात गेले. नवसाला जपलेला वंश आणि त्यावर छाया धरणारी माता अशी दोन्ही एकाच वर्षात काळाने नेली.

पाच मुलांपैकी थोरल्या पद्मावतीराजे त्रिपुराच्या राजघराण्यात दिल्या होत्या. त्या १९६४ मध्येच तरुणपणी वारल्या. उषाराजे नेपाळच्या राणा घराण्यात गेल्या. ज्या घराण्याने खड्गशमशेर ह्यांचे नाव यादीतून खोडले होते त्या घराण्यात त्यांची पणती सून म्हणून परतली. वसुंधराराजे राजस्थानच्या दोनदा मुख्यमंत्री झाल्या, यशोधराराजे मध्यप्रदेशात मंत्री झाल्या. १९५६ मध्ये विजयाराजे ह्यांनी ग्वाल्हेरला काढलेले सिंदिया कन्या विद्यालय आजही चालू आहे, आणि जयविलासाचा मोठा भाग संग्रहालय म्हणून तिकीट काढून पाहता येतो. २०२० साली त्यांच्या जन्मशताब्दीच्या निमित्ताने केंद्र सरकारने शंभर रुपयांचे स्मारक नाणे काढले. शिंद्यांची नाणी पाडणारी टांकसाळ कधीच बंद झाली. ज्या प्रजासत्ताकाने राजेपद संपविले त्यानेच ह्या राणीच्या नावे नाणे पाडले.

आता आरंभीच्या प्रश्नाकडे वळतो. राज्य गेलेल्या राजाच्या पत्नीला काय म्हणावे? ग्वाल्हेरच्या लोकांनी त्याचे उत्तर केव्हाच दिले होते. ते त्यांना ‘राजमाता’ म्हणत, आणि १९७१ नंतर कोणत्याही कायद्याने ह्या शब्दाला आधार नसतानाही म्हणत राहिले. त्यात जुन्या सवयीचा भाग होता, मतांच्या राजकारणाचा भाग होता, आणि संस्थानी अंमलात रयतेने काय सोसले ते विसरण्याचाही भाग होता, हे कबूल केले पाहिजे. वंशाच्या नावावर मत मिळावे ही लोकशाहीला भूषणावह गोष्ट नाही. तरीही नावाने पहिली निवडणूक जिंकता येते. चाळीस वर्षे माणसे टिकवावयास पायपीट करावी लागते, एवढेही त्याबरोबर मान्य करावे लागेल.

मला स्वतःला त्यांच्या चरित्रातील राजकारणापेक्षा दुसरीच गोष्ट अधिक मोलाची वाटते. आपण जे घराबाहेर, मुलखाबाहेर पोटासाठी आलो आहोत, ते मराठीपणाची काळजी पुष्कळ करतो आणि ती करताना दाराकडे डोळे लावून बसतो की बाहेरचे कोणी आत येऊन ते बुडवील. ग्वाल्हेरच्या सरदारांनीही तसेच केले होते. बुडविणारे मात्र बाहेरून आले नाही. वारसा जपण्याचे काम बाहेरून आलेल्या मुलीने अंगावर घेतले.

सागरहून मी रात्री उशिरा घरी परतलो. दुसऱ्या दिवशी आईचा गावाहून फोन आला. माझी पाच वर्षांची मुलगी तिला गणपतीची आरती म्हणून दाखवीत होती आणि मध्येच अडत होती. स्वयंपाकघरातून तिला पुढचा शब्द सांगितला तो दमोहच्या माझ्या पत्नीने. मला तो त्या क्षणी आठवत नव्हता. पलीकडून आई म्हणाली, ‘‘सूनबाईंना म्हणावं, शब्द बरोबर आहे.’’